जेरी ऑरबाक: गाणारा नट टीव्हीवरचा पोलीस कसा झाला

'ब्यूटी अँड द बीस्ट' या 1991च्या डिस्नेपटात जेवणाच्या टेबलावर सगळी भांडीकुंडी नाचवणारा, फ्रेंच हेल काढून बोलणारा मेणबत्तीदान आठवतो? त्याचं नाव ल्युमिएर. 'डर्टी डान्सिंग'मधला नायिकेचा बाप, तो डॉक्टर, आठवतो? आणि केबलवर रात्री उशिरा 'लॉ अँड ऑर्डर'चे जुने भाग कधी पाहिले असतील तर लांब चेहऱ्याचा, ओव्हरकोट घातलेला, प्रेताशेजारी उभा राहूनही एखादं तिरकस वाक्य टाकून जाणारा डिटेक्टिव्ह लेनी ब्रिस्को? हे तिघेही एकच माणूस, जेरी ऑरबाक. अमेरिकेतही त्याला बारा वर्षं पोलीस म्हणून पाहणाऱ्या अनेकांना ठाऊक नव्हतं की हा गृहस्थ त्याआधी पंचवीस वर्षं न्यूयॉर्कच्या संगीत रंगभूमीवरचा आघाडीचा नट होता. नायकाची गाणी म्हणणारा.

अशा नटाला 'अष्टपैलू' म्हणून मोकळं होता येतं, पण त्यातून काहीच कळत नाही. अष्टपैलूपणा म्हणजे नेमकं काय? नाटकातून टीव्हीत जाणं अमेरिकेत सोपं असतं की अवघड? आणि न्यूयॉर्क न सोडता कुणी पन्नास वर्षं नटाचा धंदा कसा काय करू शकतो? ऑरबाकची कारकीर्द नीट उलगडली तर अमेरिकन नाटक आणि टीव्ही यांचं अर्थकारणही बरंचसं उलगडतं.

आधी ब्रॉडवेचं गणित. ब्रॉडवे हे मॅनहॅटनमधल्या एका लांबलचक रस्त्याचं नाव, पण नाटकवाल्यांच्या बोलण्यात त्याचा अर्थ खुर्च्यांवरून ठरतो. टाइम्स स्क्वेअरच्या आसपास आणि लिंकन सेंटरमधलं एक धरून अशी 41 नाट्यगृहं आहेत, जिथे 500 किंवा त्याहून जास्त प्रेक्षक बसतात. ती ब्रॉडवे. यातली बहुतेक त्या रस्त्यावर नाहीतच, आडव्या गल्ल्यांमध्ये आहेत. 100 ते 499 खुर्च्यांचं थिएटर ऑफ-ब्रॉडवे, आणि त्याहून लहान ते ऑफ-ऑफ-ब्रॉडवे. नटांच्या संघटनेचे करार या आकड्यांना बांधलेले असतात, म्हणजे पगारही. टोनी हा अमेरिकन नाटकातला सर्वांत मानाचा पुरस्कार फक्त ब्रॉडवेवरच्या कामाला मिळतो. चाळीस खुर्च्या इकडे-तिकडे झाल्या तर नटाचं घरभाडं बदलू शकतं.

दुसरी गोष्ट प्रयोगांची. मराठी नाटक टेम्पोत भरून दादरच्या शिवाजी मंदिरहून ठाण्याच्या गडकरीला, तिथून पुण्याच्या बालगंधर्वला जातं, आणि नटाला प्रयोगागणिक नाइट मिळते. ब्रॉडवेवर नाटक एका थिएटरात मुक्काम ठोकतं आणि प्रेक्षक त्याच्याकडे येतात. आठवड्याला आठ प्रयोग, एक दिवस सुट्टी, पगार आठवड्याचा. तिकिटं खपेनाशी झाली की मुक्काम हलतो. चार महिने चालेल की चार वर्षं, हे कुणालाच माहीत नसतं. म्हणजे नाटक पडलं तर नट रिकामा, आणि चाललं तर अडकलेला, कारण रोज संध्याकाळी तो त्या एका दारातून आत जातो आणि तीच गाणी म्हणतो. टीव्हीचं बहुतेक काम तेव्हा सुमारे चार हजार किलोमीटरवर लॉस एंजेलिसला चालायचं. नाटक की टीव्ही, या प्रश्नाचा अर्थ बऱ्याचदा 'कुठल्या शहरात राहणार' असा व्हायचा. हे ध्यानात ठेवा, पुढे लागणार आहे.

ऑरबाकचा जन्म 20 ऑक्टोबर 1935चा, न्यूयॉर्कच्या ब्राँक्समधला. वडील ज्यू, रेस्टॉरंट सांभाळायचे आणि कधीकाळी व्हॉडव्हिलमध्ये कामं केलेले. व्हॉडव्हिल म्हणजे गाणी, नकला, कसरती, विनोद यांची एकत्र मैफल, सिनेमा येण्याआधीची अमेरिकेची लोकप्रिय करमणूक. आई कॅथलिक, रेडिओवर गायची. घर सारखं बिऱ्हाडं बदलत राहिलं आणि शाळा संपली ती इलिनॉयमधल्या वॉकीगन या गावी. विद्यापीठात नाटक शिकायला गेला, पण पदवी न घेताच 1955मध्ये न्यूयॉर्क गाठलं.

तिथे त्याला पहिलं मोठं काम मिळालं 'थ्रीपेनी ऑपेरा'त, ग्रीनिच व्हिलेजमधल्या छोट्या थिएटरात. जर्मन नाटककार ब्रेख्तचं हेच नाटक पुढे पु. ल. देशपांड्यांनी 'तीन पैशाचा तमाशा' म्हणून मराठीत आणलं. ऑरबाक त्यात शिरला तो बदली नट म्हणून. बदली नटाचं काम विचित्र असतं. दोन-तीन भूमिका पाठ करून, नकाशा डोक्यात ठेवून, रोज तयार राहायचं आणि बहुतेक रात्री काहीच करायचं नाही. कुणी आजारी पडलं की ऐनवेळी उभं राहायचं. ऑरबाकने या एका नाटकात वर्षानुवर्षं एकामागून एक भूमिका केल्या आणि शेवटी मुख्य भूमिकेपर्यंत, दरोडेखोर मॅकपर्यंत पोहोचला. त्याचं खरं शिक्षण इथे झालं असं माझं मत आहे. कारण ब्रेख्तच्या या नाटकात नट भूमिकेत विरघळून जात नाही. रस्त्यावरचा गायक पुढे येतो, प्रेक्षकांच्या डोळ्यांत डोळे घालून गाणं म्हणतो, गोष्ट सांगतो आणि बाजूला होतो. गोष्टीत असणं आणि गोष्टीच्या बाहेरही असणं, ही कसरत ऑरबाक विशीत शिकला. ती त्याने पुढे कधीच सोडली नाही.

3 मे 1960 रोजी सलिव्हन स्ट्रीटवरच्या 153 खुर्च्यांच्या थिएटरात 'द फँटॅस्टिक्स' उघडलं. हार्वी श्मिटचं संगीत, टॉम जोन्सचे शब्द. दोन शेजारी बाप, त्यांची प्रेमात पडलेली पोरं, मध्ये एक भिंत. भिंत म्हणजे एक मुकं पात्र हातात आडवी धरून उभं राहणारी काठी. बाकी नेपथ्य जवळजवळ नाहीच: छोटा चौथरा, एक पेटारा, चंद्र आणि सूर्य म्हणून लटकवलेली एक चकती. असल्या रंगमंचावर प्रेक्षकाला भिंत दिसायला हवी, बाग दिसायला हवी, तर ती दाखवणारा कुणी लागतो. तो एल गायो, म्हणजे ऑरबाक. नाटक सुरू होतं तेच तो पुढे येऊन सप्टेंबर महिन्याच्या आठवणीचं एक संथ गाणं म्हणतो आणि प्रेक्षकांना सांगतो की जरा डोळ्यांपुढे आणा. हे गाणं खालच्या पट्टीतलं आहे, त्यात ताना नाहीत, वरचा सूर मारून टाळी घ्यायला जागा नाही. गोष्ट सांगायच्या आवाजात ते म्हणावं लागतं. ऑरबाकचा आवाज जाड, किंचित खरखरीत, आणि बोलण्यातून गाण्यात तो कधी शिरला हे कळत नाही असा. त्याच्या आवाजातली ध्वनिमुद्रिका आज ऐकली तरी हे लगेच लक्षात येतं.

हे नाटक 13 जानेवारी 2002पर्यंत त्याच थिएटरात चाललं. 17,162 प्रयोग. ऑरबाक अर्थातच लवकर बाहेर पडला होता, पण एल गायो कसा असतो याची चौकट त्यानेच घालून दिली होती. 2006मध्ये ते पुन्हा सुरू झालं तेव्हा ज्या थिएटरात ते चाललं त्याला पुढे ऑरबाकचंच नाव देण्यात आलं.

1961मध्ये 'कार्निव्हल'मधून तो ब्रॉडवेवर आला, कडवट झालेल्या बाहुल्यावाल्याच्या भूमिकेत. हा बाहुलीवाला आवडत्या मुलीशी स्वतःच्या तोंडाने नीट बोलू शकत नाही, बाहुल्यांच्या तोंडून मात्र गोड बोलतो. पुन्हा तेच: गोष्टीच्या कडेला उभा राहून दोऱ्या हलवणारा माणूस, म्हणजे सूत्रधार.

मग 1 डिसेंबर 1968ला 'प्रॉमिसेस, प्रॉमिसेस'. याच्या जन्माची कथा सांगण्याजोगी आहे. ब्रॉडवेला येण्याआधी नाटक बाहेरगावी, बॉस्टन किंवा वॉशिंग्टनसारख्या ठिकाणी, काही आठवडे खेळायची पद्धत होती. तिथे प्रेक्षक कुठे हसतात, कुठे खोकतात ते पाहायचं आणि रातोरात प्रवेश बदलायचे. 'प्रॉमिसेस'चा बॉस्टनमध्ये मुक्काम असताना दुसऱ्या अंकाला एका गाण्याची गरज आहे असं ठरलं, आणि नेमका त्याच वेळी संगीतकार बर्ट बाकराक न्यूमोनियाने इस्पितळात. बाहेर आल्यावर त्याने आणि गीतकार हॅल डेव्हिडने झटपट गाणं उभं केलं, प्रेमभंगावरचं, आणि त्यात डेव्हिडने न्यूमोनिया घालून टाकला: मुका घेतला की न्यूमोनिया होईल एवढे जंतू मिळतात, अशा अर्थाची ओळ. नाटकात ते ऑरबाक आणि जिल ओ'हारा म्हणत आणि नाटकातलं तेच गाणं सर्वांत जास्त गाजलं.

बाकराक मूळचा रेडिओवर वाजणाऱ्या गाण्यांचा माणूस. त्याच्या चालींत मात्रा मध्येच बदलतात, एक ओळ चारात तर पुढची पाचात. आठवड्याला आठ वेळा ते बिनचूक म्हणणं हे डोकेदुखीचं काम. ऑरबाकने ते असं केलं की प्रेक्षकाला बिचारा कारकून चक बॅक्स्टर अडखळत बोलतोय एवढंच वाटावं. हा चकसुद्धा गोष्ट थांबवून प्रेक्षकांशी बोलतो. घडलं ते सांगतो, मग जे घडायला हवं होतं ते सांगतो, मग ओशाळून खरं सांगतो. प्रयोग झाले 1,281 आणि ऑरबाकला 1969चं टोनी मिळालं. त्याचं एकमेव.

इथे थोडं अवांतर. 1971मध्ये त्याने एका विनोदी सिनेमात माफियाच्या माणसाची भूमिका केली, जी ब्रुकलिनचा खराखुरा गुंड जोई गॅलो याच्यावर बेतलेली होती. गॅलोला ते कळलं आणि राग येण्याऐवजी त्याने ऑरबाक कुटुंबाशी दोस्तीच केली. इतकी, की मार्च 1972मध्ये गॅलोचं लग्न लागलं ते ऑरबाकच्या घरी. तीन आठवड्यांनी, 7 एप्रिलला पहाटे, लिटल इटलीतल्या एका खानावळीत गॅलोचा खून झाला. पुढे बारा वर्षं टीव्हीवर न्यूयॉर्कमधले खून उकलणाऱ्या नटाच्या आयुष्यातली ही गोष्ट कुणा लेखकाने रचली असती तर अतिरेकी म्हणून आपण ती सोडून दिली असती.

1975चं 'शिकागो' आज साऱ्या जगाला माहीत आहे, पण तेव्हा त्याचं नशीब फारसं फळफळलं नव्हतं. त्याच मोसमात 'अ कोरस लाइन' आलं आणि टोनी पुरस्कार त्याने उचलून नेले. 'शिकागो'ला 11 नामांकनं आणि हाती एकही नाही. दिग्दर्शक बॉब फॉसी, समोर ग्वेन व्हर्डन आणि चिता रिव्हेरा. ऑरबाकने केला बिली फ्लिन, खुनी बायकांना निर्दोष सोडवणारा वकील. त्यातला पत्रकार परिषदेचा प्रवेश त्याच्या कलेचा अर्क आहे. आरोपी रॉक्सी वकिलाच्या मांडीवर बसते. पत्रकार प्रश्न विचारतात. तिचे ओठ हलतात, मान लटकते, डोळे विस्फारतात, पण आवाज येतो तो वकिलाचा. म्हणजे नटाने एकाच वेळी स्वतःचे ओठ जवळजवळ मिटलेले ठेवायचे, तिच्या वतीने गायचं, मध्येच वकील म्हणून पत्रकारांना चुचकारायचं, आणि लय दर कडव्याला वाढत जात असताना एकही शब्द गिळायचा नाही. 'कार्निव्हल'मध्ये निर्जीव बाहुल्या होत्या, इथे जिवंत बाई.

याच नाटकाच्या मुक्कामात त्याची इलेन कॅन्सिला या नर्तिकेशी ओळख झाली आणि 1979मध्ये त्यांनी लग्न केलं. पुढे शूटिंगला पहाटे निघताना तो तिच्या कॉफीच्या कपाशेजारी रोज एक चिटोऱ्यावरची कविता ठेवून जायचा. कविता म्हणून त्या साध्यासुध्याच आहेत, पण यमक कुठे चुकलेलं नाही.

25 ऑगस्ट 1980ची रात्र ब्रॉडवेवाले अजून सांगतात. 'फॉर्टी सेकंड स्ट्रीट'चा शुभारंभाचा प्रयोग, विंटर गार्डन थिएटर. ऑरबाक नाटकातला दिग्दर्शक ज्युलियन मार्श. प्रयोग तुफान रंगला, पडदा पुन्हा पुन्हा वर जात राहिला, प्रेक्षक उभे. मग निर्माता डेव्हिड मेरिक रंगमंचावर आला आणि म्हणाला की ही दुःखाची घटना आहे. लोक हसले. मेरिक प्रसिद्धीच्या चाळ्यांसाठी कुप्रसिद्ध होता, त्यांना वाटलं यातही काही गंमत असणार. मग त्याने सांगितलं की दिग्दर्शक गॉवर चॅम्पियन आजच वारला. नटांनाही हे माहीत नव्हतं. मेरिकने बातमी दिवसभर दाबून ठेवली होती. समोर कॅमेरे, रंगमंचावर टॅप-नर्तकांचा ताफा जागच्या जागी गोठलेला, नायिका रडू कोसळलेली, आणि मेरिक तिथेच उभा. अशा वेळी विंगेकडे ओरडून पडदा खाली घ्यायला सांगितलं ते ऑरबाकने. कथेतला दिग्दर्शक तोच होता, आणि त्या क्षणी खराही तोच उरला होता.

मेरिकचा हिशेब मात्र चुकला नाही. दुसऱ्या दिवशी सगळ्या वर्तमानपत्रांच्या पहिल्या पानावर नाटक होतं आणि ते 3,486 प्रयोग चाललं.

ब्रॉडवेवरची ऑरबाकची ही शेवटची नवी भूमिका. का? आवाज गेला नव्हता, मागणीही होती. पण धंदा बदलत होता. 1982मध्ये लंडनहून 'कॅट्स' आलं, नंतर 'ले मिझराब्ल', 'फँटम'. या नाटकांत नट कोण आहे याला फारसं महत्त्व नव्हतं. नाटकाचं नाव, बोधचिन्ह आणि छतावरून कोसळणारं झुंबर हेच स्टार. नट बदला, तिकिटं तशीच खपतात. चाळिशी ओलांडलेल्या, प्रेक्षकांशी गप्पा मारत गाणाऱ्या नायकासाठी नवी नाटकं लिहिणं जवळपास थांबलं. वाईट असं काही नाही, पण ऑरबाकसारख्याला नव्या कामाची दारं शोधणं भाग होतं.

त्याने सिनेमात छोटी-मोठी कामं केली. सिडनी ल्यूमेटच्या 'प्रिन्स ऑफ द सिटी'त पोलीस, वुडी ॲलनच्या 'क्राइम्स अँड मिसडिमीनर्स'मध्ये खुनाची व्यवस्था करून देणारा भाऊ. या भूमिका माझ्या सूत्रधाराच्या सिद्धांतात बसत नाहीत हे मान्य. त्यांत तो गोष्टीच्या आत आहे, शांत आणि धोकादायक. टीव्हीवर 'मर्डर, शी रोट'मध्ये हॅरी मॅग्रॉ नावाचा खासगी गुप्तहेर पाहुणा म्हणून केला. तो आवडला म्हणून 1987मध्ये त्याच पात्राची स्वतंत्र मालिका निघाली आणि 16 भागांत आटोपली. अमेरिकन टीव्हीचा हा रोजचा कारभार: लोकांना एखादं पात्र चवीपुरतं आवडतं आणि वाहिनी त्याचं जेवण वाढते.

आता 'लॉ अँड ऑर्डर'. डिक वुल्फची ही मालिका 13 सप्टेंबर 1990ला एनबीसी वाहिनीवर सुरू झाली. पहिला अर्धा तास पोलीस तपास करतात, दुसरा अर्धा तास सरकारी वकील खटला चालवतात. ही रचना कलेतून आली तशीच बाजारातूनही. मालिकेचा खरा नफा पहिल्या प्रक्षेपणात नसतो, तो पुनःप्रक्षेपणाच्या विक्रीत असतो. 1980च्या दशकाअखेर तासाभराच्या मालिकांना त्या बाजारात गिऱ्हाईक मिळत नव्हतं, अर्ध्या तासाच्या विनोदी मालिका हातोहात खपत होत्या. म्हणून मधोमध कापली तर दोन तुकडे विकता येतील अशी मालिका, ही कल्पना. प्रत्यक्षात कापायची वेळ आलीच नाही, अख्खे भागच केबलवर दिवसरात्र चालले.

दुसरी, आपल्या दृष्टीने मोठी गोष्ट म्हणजे शूटिंग न्यूयॉर्कमध्ये होतं. हडसन नदीकाठच्या चेल्सी पिअर्समध्ये पोलीस ठाण्याचा सेट, बाकी खरे रस्ते, खरे जिने, खरा पाऊस. वर्षाला 22 ते 24 भाग, आणि प्रत्येक भागात दोन-तीन मिनिटांच्या डझनावारी भूमिका: दारवान, शेजारीण, बारमालक, साक्षीदार, न्यायाधीश. या भरल्या जात त्या शहरातल्या नाटकवाल्यांमधून. ऑफ-ब्रॉडवेवर तुटपुंज्या पगारात काम करणाऱ्या नटाला इथल्या दोन दिवसांत महिन्याचं भाडं निघे. शिवाय टीव्ही कलाकारांच्या संघटनेकडून आरोग्यविमा मिळायला वर्षाची ठरावीक कमाई लागते, तिच्यातही भर पडे. न्यूयॉर्कच्या नाटकाची पुस्तिका उघडली की जवळजवळ प्रत्येक नटाच्या परिचयात 'लॉ अँड ऑर्डर' दिसायचं. त्यावर विनोद चालत, पण विनोद करणाऱ्यांच्या परिचयातही ते असायचंच.

पुनःप्रक्षेपणाचे पैसे हा आणखी एक धागा. भाग पुन्हा दाखवला की नटाला ठरलेल्या दराने थोडी रक्कम मिळते. हा हक्क संघटनांनी टप्प्याटप्प्याने भांडून मिळवला. टीव्हीवर दाखवल्या जाणाऱ्या सिनेमांसाठीचा करार 1960च्या संपातून आला, आणि तेव्हा सिनेनटांच्या संघटनेचा अध्यक्ष होता रोनाल्ड रेगन. होय, तोच. रंगमंचावरचा नट आजारी पडला की त्याचा पगार बंद, टीव्हीवरचा नट झोपलेला असतानाही त्याचा जुना भाग कुठेतरी चार पैसे मिळवत असतो. नाटकवाल्याला टीव्हीची ओढ का असते याचं अर्धं उत्तर इथे आहे.

ऑरबाक या मालिकेत आधी 1991मध्ये एका भागापुरता आला, बचाव पक्षाचा वकील म्हणून. पुढच्या वर्षी पोलिसाची भूमिका करणारा पॉल सोर्व्हिनो मालिका सोडून गेला. त्याला ऑपेरा गायचा होता आणि न्यूयॉर्कच्या रस्त्यांवर तासन्‌तास शूटिंग करून गळा बिघडेल अशी धास्ती होती. म्हणजे एका गाणाऱ्याने गळा जपण्यासाठी सोडलेली जागा दुसऱ्या गाणाऱ्याने घेतली. नोव्हेंबर 1992मध्ये लेनी ब्रिस्को आला आणि मे 2004पर्यंत राहिला.

ब्रिस्को दोनदा घटस्फोटित, दारू सोडलेला, मुलीला दुरावलेला. बाप ज्यू आणि स्वतः कॅथलिक म्हणून वाढलेला, ऑरबाकसारखाच. पण मालिका या माहितीत रमत नाही, सोळा-सतरा भागांत कधीतरी एक वाक्य सुटतं. तेव्हा पात्र उभं करायचं कशातून? ऑरबाकने ते प्रामुख्याने लयीतून केलं. प्रत्येक भागाची सुरुवात पाहा. उद्यानात किंवा गच्चीवर कुणाला तरी प्रेत सापडतं. पोलीस जमतात. गणवेशातला शिपाई वहीतून नाव, वय, वेळ वाचतो. जोडीदार काहीतरी विचारतो. ब्रिस्को खाली वाकून बघतो, कोटाच्या खिशात हात घालतो, अर्धा क्षण थांबतो आणि एक वाक्य टाकतो. लगेच शीर्षक. हे वाक्य बहुतेक वेळा शाब्दिक कोटी असतं आणि कागदावर वाचलं तर पांचट वाटू शकतं. दुसरा नट ते टाळीसाठी म्हणेल. ऑरबाक शेवटच्या शब्दावर जोर देतच नाही, तो शब्द थोडा खाली सोडून देतो, जणू विनोद आहे हे त्याला माहीतच नाही, आणि नजर जोडीदाराकडे न नेता बाजूला वळवतो. पडद्यापलीकडच्या आपल्याला तेवढ्यात कळतं की तीस वर्षं प्रेतं पाहिलेला माणूस असाच बोलणार. एल गायो प्रेक्षकांना गोष्टीत घेऊन यायचा. ब्रिस्को आठवड्याच्या आठवड्याला तेच करत होता, फक्त गाणं नव्हतं.

बारा वर्षांत तीन मुख्य जोडीदार बदलले: ख्रिस नॉथ, बेंजामिन ब्रॅट आणि 'रेंट' या संगीतनाटकातून आलेला जेसी एल. मार्टिन. मालिका कलाकार सतत बदलण्यासाठी प्रसिद्ध होती, त्यात हा जुना खांब जागचा हलला नाही. जिवंतपणी मोठे पुरस्कार मात्र नाहीत. या भूमिकेसाठी एमी या टीव्ही-पुरस्काराचं नामांकन एकदाच, 2000 साली, आणि तेही रिकाम्या हाताचं. पुरस्कार देणाऱ्यांना रडणं आणि ओरडणं दिसतं. दर आठवड्याला तोच माणूस तितकाच खरा ठेवणं दिसायला अवघड असतं, आणि आठवड्याला आठ प्रयोग केलेल्या नटाला तेच सगळ्यात चांगलं येतं.

दरम्यान 'ब्यूटी अँड द बीस्ट'. ल्युमिएरसाठी ऑरबाकने जुना फ्रेंच नट मोरिस शेव्हालिएचा ढंग उचलला. त्याच्या त्या मेजवानीच्या गाण्यात नायिका बेल सोडली तर माणूस दिसत नाही, ताटं-चमचे नाचतात, आणि सगळा डोलारा एका आवाजावर उभा आहे. सर्वोत्कृष्ट चित्रपटाच्या ऑस्करसाठी नामांकन मिळालेला हा पहिला ॲनिमेशनपट.

2004मध्ये त्याने मुख्य मालिका सोडली ती निवृत्तीसाठी नव्हे, तर तिच्याच नव्या शाखेत, 'ट्रायल बाय जुरी'त, हलक्या वेळापत्रकावर जाण्यासाठी. प्रोस्टेटचा कर्करोग त्याला काही वर्षांपासून होता, त्याची वाच्यता डिसेंबर 2004मध्ये झाली आणि 28 डिसेंबरला तो गेला, वय 69. नव्या मालिकेचे पहिले दोन भाग त्याने पूर्ण केले होते, ते मार्च 2005मध्ये दाखवले गेले. त्याने नेत्रदान केलं होतं आणि न्यूयॉर्कच्या नेत्रपेढीने पुढे त्याचं नाव घेऊन जाहिराती केल्या. ब्रॉडवेच्या थिएटरांनी प्रथेप्रमाणे दर्शनी दिवे काही क्षण मंद केले. ब्रॉडवेवर नवी भूमिका न करता चोवीस वर्षं झालेल्या नटासाठी.

अशी कारकीर्द आज घडेल का, याचं उत्तर बरंचसं आकड्यांत आहे. ओटीटीच्या मालिकेचे वर्षाला आठ-दहा भाग येतात, मग दोन-दोन वर्षांचा खंड. पुनःप्रक्षेपण असं काही उरलेलंच नाही, मालिका कायमची साठ्यात पडून असते, त्यामुळे जुन्या दराचे पैसेही आटले. 2023च्या उन्हाळ्यात नटांची संघटना 118 दिवस संपावर गेली त्यातला एक मोठा मुद्दा हाच होता. 'लॉ अँड ऑर्डर' 2010मध्ये बंद पडून 2022मध्ये परत सुरू झाली आणि न्यूयॉर्कच्या नटांना अजूनही साक्षीदाराची कामं देते. आणि 'शिकागो' 1996मध्ये नव्याने उभं राहिलं ते अजून चालू आहे. त्यातला बिली फ्लिन आता बऱ्याचदा टीव्हीवर किंवा गाण्यात नाव झालेल्या कुणाला तरी काही आठवड्यांपुरता दिला जातो, त्याच्या नावावर तिकिटं विकण्यासाठी. ऑरबाकच्या वेळी रहदारी उलट्या दिशेने होती.